एक वर्ष कमी पडत होतं

माझी आत्या लाकूड आधी अंगठ्याने बघायची, मग डोळ्यांनी. नवीन टेबल समोर आलं की त्याच्या कडेवरून उजवा अंगठा असा हळू फिरवायची, जणू एखाद्या पोराचं तापलेलं कपाळच बघतेय. "इथे खरखरतंय," म्हणायची. आम्ही वाकवाकून बघितलं तरी आम्हाला काही दिसायचं नाही.

आठवीत शाळा सुटल्यावर आजोबांनी, म्हणजे तिच्या वडिलांनी, तिला स्वतः काम करत होते त्याच फर्निचरच्या कारखान्यात नेलं. ते सुतार, ती पॉलिशखात्यात. बावीस वर्षं तिने खुर्च्या, पलंग, कपाटं घासली. आधी ऐंशी नंबरचा जाड पॉलिश पेपर, मग एकशेवीस, मग दोनशेवीस, आणि शेवटी इतका बारीक की हातात कागद आहे की कापड हे कळू नये. मधे खडूची भुकटी कालवून लाकडाच्या छिद्रांत भरायची, पुसायची, पुन्हा घासायची. मग बाजारात तयार फळ्यांचं फर्निचर आलं, भुसा आणि गोंद दाबून केलेलं, वर लाकडाचं चित्र चिकटवलेलं. त्याला घासणार काय, कपाळ? कारखाना बंद झाला आणि छत्तिसाव्या वर्षी आत्या घरी बसली.

बसली म्हणायचं आपलं. आम्ही खालच्या मजल्यावर राहायचो, आत्या आणि आतोबा वरच्या. त्यांना मूलबाळ नव्हतं, त्यामुळे माझा मुक्काम बराचसा वरच असायचा. तिथे तीन महिन्यांत घासण्यासारखी एकही वस्तू उरली नाही. पाट, स्टूल, खिडक्यांच्या चौकटी, शेजाऱ्यांचा दरवाजा. माझी शाळेची लाकडी पट्टी तिने इतकी मन लावून घासली की तिच्यावरचे सेंटिमीटरच गेले. आतोबा शहराची बस चालवायचे. स्वभाव मिश्कील. ते म्हणायचे, "मी हल्ली दारात फार वेळ उभा राहत नाही. चौकट समजून घासायची."

आत्या हसायची, पण आईला ती एकदा म्हणाली होती, "वहिनी, हाताला काही नसलं ना, की हात परका वाटतो."

पुढचं सगळं घडलं ते आतोबांच्या बसमुळे. एका सकाळी पन्नाशीच्या एक बाई हातात लाकडाची भली मोठी चकती घेऊन बसमध्ये चढल्या आणि ड्रायव्हरच्या मागच्याच सीटवर बसल्या. आतोबांना आरशात ती चकती दिसत होती. सिग्नलला बस थांबली तसं त्यांना राहवलं नाही.

"बाई, रागावू नका, पण हे घासलंय कोणी?"

"मीच. का हो?"

"माझ्या बायकोने बघितलं तर ती तुम्हाला पुढच्या स्टॉपवर उतरवेल."

बाई रागावल्या नाहीत. चकतीवरचे ओरखडे त्यांनी स्वतःच बोटाने दाखवले. म्हणाल्या, दोन दिवस घासतेय, पण आतल्या रेघा काही नीट दिसत नाहीत. आणि ज्या स्टॉपवर उतरायचं होतं तो मागे गेला तरी आतोबांच्या बायकोबद्दल विचारत राहिल्या. कॉलेजच्या मागच्या इमारतीत त्यांची प्रयोगशाळा होती. झाडांच्या खोडात दर वर्षी जे एक वलय वाढतं, त्या वलयांवरून जुना काळ शोधायचं काम तिथे चालायचं. आमच्या घरात त्या पुढे कायमच्या "झाडवाल्या बाई" झाल्या.

आत्या पहिल्या दिवशी गेली ती स्वतःचे पॉलिश पेपर घेऊन, नंबरवार लावून. प्रयोगशाळा तळघरात होती. भिंतीला छतापर्यंत फळ्या आणि त्यांवर चकत्या, तुळयांचे तुकडे, पेन्सिलीएवढ्या बारीक लाकडी कांड्या, प्रत्येकावर आकडा. खिडकीशी मायक्रोस्कोपला डोळा लावून एक वयस्क गृहस्थ बसलेले. त्यांच्या हाताशी एक चाक होतं. चाक फिरवलं की खालचं लाकूड केसभर सरकायचं, आणि एका वलयापासून दुसऱ्या वलयापर्यंतचं अंतर मिलिमीटरच्या शंभराव्या भागापर्यंत कागदावर उतरायचं. ते तीस वर्षं हेच करत होते. आत्या त्यांना मोजणीकाका म्हणायला लागली. त्यांनी तिच्याकडे न बघताच विचारलं, "शिक्षण?"

"आठवी."

"मग इथे काय करणार?"

"घासणार," आत्या म्हणाली.

तिने ती बसमधली चकती घेतली. संध्याकाळपर्यंत चकतीचं कापलेलं तोंड आरशासारखं झालं आणि आतली वलयं अशी उठून आली, की मोजणीकाका खुर्चीवरून उठून आले. भिंग काढलं, बघितलं, चकती उचलली आणि आपल्या टेबलावर नेऊन ठेवली. हीच काय ती शाबासकी.

पण आत्याला आता एक किडा चावला होता. बावीस वर्षं ती लाकडाच्या उभ्या रेषा घासत आली होती. आडव्या कापाचं तोंड घासायला तिला कुणी कधी सांगितलंच नव्हतं. पलंगाचा पाय आडवा कापला तर ते तोंड जमिनीकडे जातं, ते कोण बघतो? आणि इथे सगळी गंमत नेमकी त्याच तोंडात होती.

तिसऱ्या दिवशी तिने बाईंना गाठलं. "वलयं मोजली की झाडाचं वय कळतं, एवढं मलाही माहीत आहे. पण मेलेल्या झाडाचं काय? ते ऐंशी वर्षं जगलं हे कळेल. पण कुठली ऐंशी?"

बाई जिन्याच्या पायरीवर बसल्या आणि तिलाही बसवलं. "तुमच्याकडे घरातले जुने फोटो आहेत?"

"आहेत की. ट्रंकभर."

"एका फोटोत तुम्ही आणि तुमचे वडील. दुसऱ्यात तुमचे वडील लहान आणि त्यांचे आजोबा. तिसऱ्यात ते आजोबा तरुण. पहिल्या फोटोची तारीख तुम्हाला माहीत आहे. बाकीच्यांवर तारीख नाही, पण चेहरे ओळखून मागे मागे जाता येतं ना? तसंच आहे हे. पाऊसपाणी चांगलं झालं की वलय रुंद, दुष्काळ पडला की बारीक. रुंद, रुंद, बारीक, रुंद, बारीक, बारीक. हा क्रम एका भागातल्या सगळ्या झाडांत सारखा येतो, कारण सगळ्यांवर पाऊस एकच पडला. आज तोडलेल्या झाडाचं शेवटचं वलय आजचं. त्याच्या आतल्या वलयांचा क्रम एखाद्या जुन्या घराच्या तुळईतल्या बाहेरच्या वलयांशी जुळला, की ती तुळई कुठल्या वर्षाची ते कळलं. तुळईतली आतली वलयं तिच्याहून जुन्या लाकडाशी जुळवायची. अशी साखळी आम्ही सोळाशे वर्षांपर्यंत नेलीय."

आत्याने बोटांवर काहीतरी मोजलं. मग म्हणाली, "म्हणजे माझा जन्म झाला ते वर्षही यात कुठेतरी आहे."

"असणारच."

तिने बाईंकडून आपल्या जन्मवर्षाचं वलय दाखवून घेतलं. ते अगदी चिंचोळं निघालं. घरी येऊन तिने आम्हाला ते असं सांगितलं, जणू पत्रिकाच हाती लागलीय. "माझ्या वर्षी पाऊसच नव्हता! आई म्हणायची, तू पोटात होतीस तेव्हा नळाला पाणी नव्हतं. मला वाटायचं, उगाच म्हणते. झाडाने लिहून ठेवलंय की!"

त्यानंतर आमच्या घराला स्वस्थता राहिली नाही. रस्त्यात तोडलेलं झाड दिसलं की आत्या खाली बसायची. आतोबांच्या बसमध्ये असली तर पुढच्या स्टॉपवर उतरून मागे चालत जायची. माझ्या बाबांच्या वर्षाचं वलय चांगलं रुंद होतं, त्यावरून ती त्यांना म्हणाली, "दादा, तू आलास तेव्हा सगळीकडे सुकाळ. म्हणून तू असा सुटलेला." आतोबा प्रवाशांना सांगायचे, "लोकांच्या बायका स्वतःच्या सुरकुत्या मोजतात. आमची लाकडाच्या मोजते."

अशी सहा वर्षं गेली. सातव्या वर्षी शहराबाहेरच्या एका गावात पाण्याची मोठी नळवाहिनी टाकायला खणत असताना जमिनीखाली एक बुजलेली विहीर सापडली. विहिरीचं बांधकाम दगडाचं होतं, पण तळाशी, जिथे दगड मातीवर टेकतात तिथे, लाकडाची चौकट घातलेली होती. चार ओंडके खाचेत खाच बसवून जोडलेले. वरचे दगड त्या चौकटीवर बसतात, खालची माती सरकली तरी भिंत ढासळत नाही. आणि गंमत अशी, की ती चौकट एक नव्हती. एकीखाली पुरुषभर अंतरावर आणखी एक होती.

वस्तुसंग्रहालयाच्या लोकांनी ओंडके बाहेर काढले आणि पाण्याच्या टाक्यांत बुडवून ठेवले. इतकी वर्षं चिखलात राहिलेलं लाकूड एकदम वाळलं तर उकलून फुटतं. तपासणीसाठी प्रत्येक चौकटीची एकेक चकती त्यांनी कापू दिली. "दुसरी मागू नका," असंही बजावलं.

त्या चकत्या बघून आत्याने पॉलिश पेपर पुढे केला आणि पहिल्याच हाताला तिची जिरली. ओलं लाकूड साबणासारखं मऊ. पेपर फिरवला की सगळ्या रेघांचा लगदा. "इतकी वर्षं घासलंय मी," ती घरी म्हणाली, "आणि आज लाकडाने मला सांगितलं, बाई, हात लावू नकोस."

दोन दिवस तिने टाकाऊ तुकड्यांवर काय काय करून पाहिलं. सुरी, पटाशी, काचेचा तुकडा. शेवटी आतोबा दाढी करत होते आणि ती त्यांच्याकडे टक लावून बघत होती. ते आरशातूनच म्हणाले, "काय गं, आज इतकं प्रेमाने?"

"ते पातं द्या."

"अर्धी दाढी राहिलीय!"

"राहू द्या."

तुकडा बर्फात ठेवून जरा कडक करायचा आणि दाढीच्या कोऱ्या पात्याने एकेक पापुद्रा काढत जायचा, असा तिचा हात बसला. एक पातं दहा-बारा हात चालायचं, मग बोथट. रेघा स्वच्छ दिसायला लागल्या, पण लाकूड इतकं काळं की वलय कुठे संपतं ते कळेना. तेव्हा तिला कारखान्यातली खडूची भुकटी आठवली. या लाकडात दर वर्षीच्या वाढीच्या सुरुवातीला मोठ्या छिद्रांची एक ओळ असते. तिने बोटाने खडू चोळला, पुसला, आणि काळ्या चकतीवर छिद्रांच्या पांढऱ्या ओळी एकामागे एक उमटल्या. मोजणीकाकांनी मायक्रोस्कोपमधून बघितलं आणि म्हणाले, "इतक्या वर्षांत हे मला कुणी सांगितलं नाही." मग जरा थांबून, "मीही कुणा पॉलिशवाल्याला विचारलं नाही म्हणा."

वरच्या चौकटीचं लाकूड चार दिवसांत जुळलं. तिच्या ओंडक्यावर साल शिल्लक होती, म्हणजे सगळ्यात बाहेरचं वलय शाबूत होतं. झाड तोडलं ते आजपासून चौदाशे बारा वर्षांपूर्वी.

खालची चौकट मात्र जुळेना. खरं तर मोजणीकाकांच्या मते ती वरचीच्या आधीच्या एखाद्या वर्षात बसायला हवी होती. "विहीर खालून वर बांधतात. खालची आधी, वरची नंतर. सरळ आहे." पण मोजलेल्या आकड्यांना ते सरळ वाटत नव्हतं. चकतीतली आतली साठ-बासष्ट वलयं साखळीत एका जागी चपखल बसायची, पण बाहेरची वलयं तिथे बसत नसत. बाहेरच्यांना बसवलं की आतली एका वर्षाने घसरायची. सदऱ्याचं एक बटण चुकलं की पुढची सगळी चुकत जातात, तसं.

"एक वलय कमी आहे," मोजणीकाका म्हणाले. "फार वाईट वर्ष असेल तर झाड कधीकधी वाढतच नाही, निदान सगळ्या बाजूंनी वाढत नाही."

"मग ते एक धरून चाला ना," आत्या म्हणाली.

काकांनी चष्मा काढला. "धरून? आपल्याला हवं तिथे एक वलय घालायला लागलो तर उद्या कुठलंही लाकूड कुठल्याही वर्षात बसवता येईल. दिसलं तर आहे. नाही दिसलं तर नाही."

बाईही तेच म्हणाल्या. अहवालात लिहायचं ठरलं, "खालच्या चौकटीचा काळ निश्चित करता आला नाही." कागद टाईप झाला. आत्याने तो वाचला आणि घरी येऊन भरल्या ताटावरून उठली. हे आमच्याकडे वादळासारखं होतं. दुसऱ्या दिवशी तिने बाईंना विचारलं, "चकती कापली ती ओंडक्याच्या एका टोकाकडून ना? दुसरं टोक कसं आहे?"

"तसंच आहे, टाकीत. पण कापायला परवानगी नाही."

"कापायचंय कुणाला? मी फक्त तोंड साफ करीन. नखाएवढंही जाणार नाही."

बाईंनी दोन पत्रं लिहिली, एक फोन केला. वस्तुसंग्रहालयाचे अधिकारी म्हणाले, त्या बाई हात लावणार असतील तर मी स्वतः शेजारी उभा राहीन. उभे राहिले. मी तेव्हा कॉलेजला होते आणि सुट्टी होती, म्हणून बर्फाची पेटी धरायला मीही गेले होते. पत्र्याची लांब शेड, त्यात रांगेने टाक्या आणि पाण्याचा चिखलट, आंबूस वास. ओंडक्याचं टोक पाण्याबाहेर काढून खाली ओलं पोतं दिलं. आत्या जमिनीवर मांडी घालून बसली. चकती कापली त्या टोकाला खाचेसाठी तासून साल एकाच अंगाला उरली होती; हे टोक मात्र न तासलेलं, गोल होतं, त्यामुळे इथे झाडाचं पूर्ण वर्तुळ दिसत होतं. तिने बर्फाची पिशवी त्यावर धरली आणि पात्याने कामाला सुरुवात केली. अधिकारी सुरुवातीला दर मिनिटाला "सांभाळून" म्हणत होते. अर्ध्या तासाने गप्प झाले. तासाभराने तेही मांडी घालून बसले.

तिने एका बाजूने सुरुवात न करता वर्तुळभर फिरत, पट्टीपट्टीने साफ केलं. खडू चोळला. मग भिंग धरून, सालीपासून आत येत, एकेक वलय बोटाने धरून चौफेर फिरवायला लागली. कळपातली मेंढरं मोजावीत तशी. पहिलं वलय पूर्ण फिरलं. दुसरं फिरलं. तिसऱ्यापाशी तिचं बोट थांबलं.

"ए, इकडे ये. तुझे डोळे तरुण आहेत. इथे किती ओळी दिसतात?"

मी वाकले. "दोन."

"आणि इथे?" तिने बोट वर्तुळाच्या दुसऱ्या अंगाला नेलं.

मी पुन्हा बघितलं. दोन पांढऱ्या ओळींच्या मधे, सुईने टोचावीत तशी बारीक ठिपक्यांची आणखी एक ओळ होती. ती जरा पुढे जायची, शेजारच्या ओळीला चिकटायची आणि नाहीशी व्हायची. वर्तुळाच्या जेमतेम चौथ्या हिश्श्यात ती होती, बाकी कुठेच नाही. आमची चकती मोजली होती ती नेमकी त्या "बाकी"मध्ये.

"तीन," मी म्हणाले.

आत्या अधिकाऱ्यांकडे वळली. "साहेब, तुम्हीही मोजा. उद्या कुणी म्हणायला नको की मला हवं होतं म्हणून दिसलं."

त्यांनी मोजलं. तीन. फोटो काढले. दुसऱ्या दिवशी मोजणीकाका आयुष्यात पहिल्यांदा मायक्रोस्कोप काखेत मारून टाकीपाशी आले. तासभर पाहून झाल्यावर म्हणाले, "आहे." आत्याने नंतर कितीदा तरी सांगितलं, की लग्नात आतोबांनी हो म्हटलं तेव्हाही तिला इतकं बरं वाटलं नव्हतं. आतोबा म्हणायचे, "मला कुणी विचारलंच कुठे होतं?"

ते वलय घातल्यावर खालची चौकट साखळीत अशी बसली की बोट घालायला जागा नाही. आणि तिचं वर्ष निघालं ते आधीचं नाही, नंतरचं. वरची चौकट घातल्यावर अकराव्या वर्षी खालची घातली होती. विहीर खालून वर बांधली गेली नव्हती. बांधून झालेली विहीर पुन्हा खणली होती.

बाईंनी फळ्यावर रेघा काढून आम्हाला दाखवलं. वरची चौकट घातल्यावर सहा वर्षं बरी गेली. मग ओळीने चार वलयं बारीक, त्यातलं तिसरं इतकं की झाड एका अंगालाच कसंबसं वाढलं. आणि पाचव्या वर्षाची नुसती छिद्रांची पहिली ओळ, त्याच्यापुढे साल. म्हणजे झाडाला नुकती पालवी फुटत होती तेव्हा ते तोडलं. त्या वर्षी तरी पाऊस येतो का, हे बघायला माणसं थांबली नव्हती. चार वर्षं थांबून झालं होतं त्यांचं.

"आटलेल्या विहिरीच्या तळाला उतरून, डोक्यावर दगडांची भिंत असताना खाली खणायचं," बाई म्हणाल्या, "मनात आणून बघा."

मोजणीकाकांनी स्वतःच अहवालातली ती ओळ खोडली.

महिन्याभराने बाईंनी त्या गावच्या शाळेत सगळ्यांना बोलावून हे सांगायचं ठरवलं. आत्याही गेली. ती मागच्या बाकावर बसली होती, पण बाईंनी तिला पुढे बोलावून ओंडक्याचा फोटो धरायला दिला. गावातले लोक विहिरीला तीन-चारशे वर्षांपूर्वीची समजत होते. चौदाशे ऐकल्यावर कुजबुज झाली. प्रश्न विचारायची वेळ आली तेव्हा कुणी म्हणालं, कुठला राजा होता? कुणी म्हणालं, खजिना निघाला का? बाईंनी सांगितलं, राजाचं माहीत नाही आणि निघालं ते फक्त एक फुटकं मडकं.

मग दुसऱ्या रांगेतल्या एक आजीबाई उठल्या. काठी टेकत, वाकून उभ्या राहिल्या. "ते सगळं खरं. पण मला एवढंच सांगा, पाणी लागलं का त्यांना?"

बाई अडखळल्या. वलयांत त्याचं उत्तर नव्हतं. झाड तोडल्यावर झाडाला पुढचं काय माहीत? त्या म्हणाल्या, "तसं नक्की सांगता येणार..."

"लागलं," आत्या म्हणाली.

सगळी शाळा तिच्याकडे बघायला लागली. तिने हातातला फोटो टेबलावर ठेवला. "आजी, लाकूड सतत पाण्यात असलं तर टिकतं. सतत कोरडं असलं तरी टिकतं. कधी ओलं, कधी कोरडं झालं की कुजतं. वरच्या चौकटीची वरची कड कुजलेली होती, बोटाने भुगा निघत होता. तिथे पाणी कधी यायचं, कधी जायचं. खालची चौकट मी माझ्या हाताने साफ केलीय. चारही ओंडके सालीसकट शाबूत होते, अंगठा फिरवला तर कुठे खळगा नाही. म्हणजे ती बसवल्यापासून एक दिवसही उघडी पडलेली नाही. पाणी लागलं, आणि चौदाशे वर्षं हललं नाही."

आजीबाई उभ्याच राहिल्या. मग शेजारणीला म्हणाल्या, "लागलं म्हणे," आणि खाली बसल्या.

परतताना बसमध्ये बाईंनी विचारलं, "हे तुम्ही मला आधी का नाही सांगितलंत?"

"तुम्ही विचारलं नाहीत. आणि मलाही कुठे सुचलं होतं? त्यांनी विचारलं तेव्हा अंगठ्याला आठवलं."

ते उत्तर पुढे अहवालात गेलं, चार ओळींत, नीट तपासून. त्या ओळींखाली आत्याचं नाव होतं. मोजणीकाका त्यानंतर दोन वर्षांनी निवृत्त झाले. जाताना त्यांनी मायक्रोस्कोपची खुर्ची तिच्याकडे सरकवली आणि म्हणाले, "चाक उलटं फिरवू नका, एवढं सांभाळा." आकड्यांची तिला सुरुवातीला धास्ती वाटायची. मी तिला दशांश शिकवले, तिने मला पातं धरायला शिकवलं. माझा हात काही तिच्यासारखा बसला नाही.

आज ती त्रेसष्ट वर्षांची आहे. प्रयोगशाळेत आता ती आठवड्यातले तीनच दिवस जाते, पण घरी निवांत बसलीय असं तेव्हाही नव्हतं आणि आताही नाही. गेल्या आठवड्यात मी तिला भेटायला गेले तर जेवणाच्या टेबलावर वर्तमानपत्र पसरून त्यावर कोळशाचे तुकडे मांडलेले. कुठल्याशा जुन्या भट्टीतून निघालेले, बाईंनी पाठवलेले. आतोबा दारात उभे राहून तक्रार करत होते, की गेले चार दिवस ते ओट्यापाशी उभे राहून जेवतायत.

"कोळशात पण वलयं असतात?" मी विचारलं.

"असतात म्हणे. जळलं तरी आकार राहतो." तिने एक तुकडा चिमटीत धरून उजेडाकडे नेला. "पण याला घासताही येत नाही आणि पातंही लागत नाही. मोडावा लागतो, आणि मोडला की ताजं तोंड दिसतं. पण कुठून मोडायचा, ते अजून मला समजत नाहीये."

तिने तुकडा दोन्ही हातांत धरला, अंगठे मधोमध आणले, जरा सरकवले, पुन्हा आणले. "जरा श्वास रोखून धर," ती मला म्हणाली, "भुकटी उडते." मी श्वास धरला. आतोबांनीही धरला. टक्‌ असा बारीक आवाज झाला आणि आत्या भिंग शोधायला लागली.